एकमताने मंजूर

२०२५ च्या ऑक्टोबरात मल्लोजुला वेणुगोपाल राव ऊर्फ भूपती याने साठ साथीदारांसह गडचिरोलीत शस्त्रं खाली ठेवली, तेव्हा त्या बातमीवर भांडायला आमच्या घरात कोणी उरलं नव्हतं. माओवादी पक्षाच्या पॉलिट ब्युरोत बसलेला, उभं आयुष्य जंगलात काढलेला माणूस. आधी त्याने पत्रक काढून म्हटलं की सशस्त्र लढा आता थांबवावा. त्याच्याच पक्षातून उलटं पत्रक आलं, की हे याचं एकट्याचं मत आहे, पक्षाचं नव्हे. पुढे ‘गद्दार’ हा शब्दही आला. बाबा असते तर दोन्ही पत्रकं मिळवून शेजारी शेजारी ठेवली असती आणि मला मास्तरांकडे पिटाळलं असतं. मास्तरांनी मशीनवरचं काम तसंच टाकून ओसरी गाठली असती आणि आमची मध्यरात्र झाली असती. बाबांना जाऊन बरीच वर्षं झाली. मास्तर २०२१ च्या कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत गेले. मी पेपर वाचला, घडी केली आणि कामाला लागले. एवढी मोठी गोष्ट आपल्या वैनगंगेपलीकडे घडली आणि तिच्याविषयी मला एक शब्द बोलता आला नाही, याचं दुःख त्या दिवसापासून गेलेलं नाही.

बाबा नागभीड जंक्शनवर पॉइंट्समन होते. नागपूरहून उमरेड, भिवापूर करत येणारी छोटी लाइन इथे गोंदिया-चांदा फोर्टच्या लाइनीला मिळायची. १९०८ पासूनची ती छोटी गाडी २०१९ च्या अखेरीस मोठ्या लाइनीसाठी बंद झाली. ते पाहायला बाबा नव्हते. लाल बावट्याशी त्यांची गाठ रेल्वेच्या युनियनमधून पडली आणि ती शेवटपर्यंत सुटली नाही. १९६४ साली पक्ष फुटला तेव्हा ते कोणत्या बाजूला गेले, हे मी इथे लिहीत नाही. पुढे जे झालं ते दोन्ही बाजूंना सारख्याच सहजतेने झालं असतं.

मास्तर शाळेचे नव्हते. बाजारगल्लीत त्यांचं शिलाईचं दुकान होतं आणि शिंपीकाम करणाऱ्याला आपल्याकडे मास्तरच म्हणतात. १६ ऑक्टोबर १९५६ ला चांद्याला बाबासाहेबांनी दीक्षा दिली तेव्हा मास्तर अकरा-बारा वर्षांचे होते. गावातून बैलगाड्या निघाल्या, त्यांतल्या एकीत आईबापांसोबत हा पोरगा होता. त्यांच्या दुकानात एका भिंतीला बुद्ध आणि बाबासाहेब, दुसरीला मार्क्स आणि लेनिन, आणि मध्ये मापाची पट्टी टांगलेली असे. बाबांना ती मांडणी खटकायची. मास्तरांचं म्हणणं असं, की भिंती दोन आहेत पण छप्पर एकच आहे, आणि ते कोणत्याच एका भिंतीवर उभं राहत नाही.

१९७४ च्या मे महिन्यात रेल्वेचा देशव्यापी संप झाला. ८ तारखेला सुरू झाला, २७ ला मागे घेतला गेला. त्या काळात बाबा आत होते. घरात माय, मी आणि धाकटा भाऊ. मास्तर दर आठवड्याला पायलीभर तांदूळ आणून ओट्यावर ठेवायचे आणि कोणी बाहेर यायच्या आत निघून जायचे. बाबा सुटून आले ते वेगळेच होऊन. संप मोडताना त्यांनी जवळून पाहिला होता. कोण कोणत्या दिवशी हळूच कामावर रुजू झाला, कोणी कोणाच्या सांगण्यावरून कच खाल्ली, हे सगळं त्यांच्या मनात कोरलं गेलं होतं. त्यानंतर त्यांच्या तोंडी एकच गोष्ट असे: शिस्त. चर्चा ठराव होईपर्यंत करा. ठराव झाला की तोंड बंद. याला पक्षात डेमोक्रॅटिक सेंट्रलिझम म्हणतात, हे मला शाळेत नागरिकशास्त्र शिकण्याच्या आधी माहीत होतं.

बाबांचा हा कर्मठपणा मी कधीच हलक्यात घेतलेला नाही. समाजवादाच्या इतिहासात सनातनी म्हणून ज्यांना आज नावं ठेवली जातात, त्यांच्यातल्या पुष्कळांनी पराभव अंगावर घेतलेला होता. पोलीस, मालक, सरकार सगळे एका बाजूला आणि तुमच्याजवळ फक्त तुमची एकी. तिला तडा गेला की पोरंबाळं उपाशी. अशा माणसाला वेगळ्या मताची भीती वाटते, आणि ती भीती खरी असते. १९२१ च्या मार्चमध्ये लेनिनच्या पक्षाने दहाव्या काँग्रेसमध्ये अंतर्गत गटांवर बंदी घातली तीसुद्धा अशाच भीतीपोटी. देश उपाशी, यादवी युद्ध नुकतंच संपत आलेलं, आणि त्याच महिन्यात क्रोन्श्टाटचे नाविक, क्रांतीचेच सैनिक, बंड करून उठलेले. ते बंड तोफांनी मोडलं गेलं. बंदी तात्पुरती आहे असं तेव्हा अनेकांना वाटलं. ती उठली नाही.

घरात एकच पुस्तक असं होतं की ज्याच्यावर दोघांचाही हक्क होता. मॉस्कोत मराठीत छापलेलं लेनिनच्या लेखांचं ते पुस्तक होतं. जाड पुठ्ठा, गुळगुळीत कागद, आणि किंमत आपल्याकडच्या वहीएवढी. एकच प्रत, म्हणून ती आमच्या घरून मास्तरांच्या दुकानात आणि तिथून परत घरी अशी फिरायची. बाबा समासात पेन्सिलीने लिहीत. बारीक, सरळ अक्षर: ‘बरोबर’, ‘महत्त्वाचे’, ‘सेलमध्ये वाचणे’. मास्तर कापडावर खुणा करायच्या निळ्या खडूने लिहीत. खडू पुसट व्हायचा म्हणून पुढे लाल पेन वापरू लागले. जिथे जिथे बाबांचं ‘बरोबर’ आहे तिथे खाली लाल अक्षरांत एकच प्रश्न पुन्हा पुन्हा येतो: ‘आणि जात?’ कुठे कुठे बाबांनी त्याला उत्तर दिलंय. ‘वर्गलढ्यात सुटेल.’ त्याच्याखाली लाल पेनाने: ‘केव्हा?’ एका पानावर समास संपला म्हणून मास्तरांनी दर्जी पट्टीच्या कागदाचा तुकडा डकवला आणि त्यावर लिहिलं. तो तुकडा अजून चिकटलेला आहे.

त्यावर त्यांनी गिरणीची गोष्ट लिहिली आहे. मुंबईच्या कापड गिरण्यांत विणकाम खात्यात पगार जास्त असे, पण तिथे अस्पृश्यांना घेत नसत. धागा तुटला की तोंडाने ओला करून जोडावा लागे आणि त्यांच्या थुंकीचा विटाळ बाकीच्या कामगारांना चालत नसे. १९२८ च्या मोठ्या संपाच्या वेळी बाबासाहेबांनी हा प्रश्न संपाच्या पुढाऱ्यांपुढे ठेवला होता. मालकाने लादलेला हा नियम नव्हता. कामगाराने कामगारावर लादलेला होता. मास्तर बाबांना विचारायचे, “भाऊ, तुमच्या पुस्तकात हा संप कोन्या पानावर हाय?” आणि रेल्वेचंही बाबांना सांगायचे. १९३८ च्या फेब्रुवारीत मनमाडला रेल्वेतल्या अस्पृश्य कामगारांची परिषद झाली, तिथे बाबासाहेबांनी ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही असे दोन शत्रू सांगितले. आपला माणूस गँगमन म्हणून लागतो आणि गँगमन म्हणूनच घरी जातो. त्याला पोर्टरसुद्धा करत नाहीत, कारण पोर्टरला स्टेशन मास्तरच्या घरची कामंही करावी लागतात आणि तिथे त्याचा हात चालत नाही, हेही तिथेच मांडलं गेलं. बाबा पॉइंट्समन होते. आपल्या सेक्शनमधल्या गँगमनांची नावं आणि आडनावं त्यांना तोंडपाठ होती. ते गप्प बसायचे. पण पुढच्या बैठकीत पुन्हा वर्गलढा.

१९३८ च्याच ७ नोव्हेंबरला मात्र मुंबईत बाबासाहेब आणि कम्युनिस्ट एकत्र आले होते, औद्योगिक विवाद विधेयकाविरुद्धच्या संपासाठी. एका दिवसापुरतं का होईना, मास्तरांच्या दोन्ही भिंती एकमेकींना भेटल्या. त्या दिवसाचा उल्लेख दोघेही करत आणि दोघांनाही त्यात आपलाच विजय दिसे.

आता त्या बैठकीविषयी लिहायला हवं. १९७८ साली शरद पाटील मार्क्सवादी पक्षातून बाहेर पडले आणि धुळ्याला त्यांनी सत्यशोधक कम्युनिस्ट पक्ष काढला. मार्क्सच्या जोडीला फुले आणि आंबेडकर घेतल्याशिवाय या देशातली क्रांती एक पाऊल पुढे जाणार नाही, असं म्हणणारा तो पहिला कम्युनिस्ट पक्ष. त्यांचं लिखाण हळूहळू इकडे येऊ लागलं. मास्तरांना ते वाचून असं वाटलं असणार, की समासातला आपला प्रश्न कोणीतरी पानाच्या मध्यभागी छापला.

त्या दिवसांत आमच्या भागात जबरान जोतीचा प्रश्न पेटला होता. झुडपी जंगलाच्या जमिनीवर गरीब माणसं वर्षानुवर्षं धान लावत होती आणि वनखातं उभं पीक काढून टाकायचं. पट्टे मागण्यासाठी पक्षाच्या तालुका कमिटीने गावोगावच्या याद्या करायच्या ठरवल्या. मास्तरांनी आपल्या वाट्याच्या गावांची यादी आणली. नाव, गाव, किती एकर, किती वर्षं. त्यांनी एक रकाना वाढवला होता: जात. त्या रकान्यामुळे यादी एकदम बोलू लागली. ज्यांच्याकडे आधीच थोडी वहिवाटीची जमीन होती, बैलजोडी होती, त्यांनीच जबरानही जास्त धरली होती. गोंड आणि बौद्ध घरांपैकी कित्येकांना झुडपी जंगलातही जागा मिळाली नव्हती. मास्तरांचं म्हणणं साधं होतं: मागणी करताना यांना आधी ठेवा.

बैठक आमच्याच ओसरीत झाली. मी आत चुलीपाशी होते, पण मधे फक्त कुडाची भिंत होती. बाहेरून आलेल्या पुढाऱ्याने सांगितलं की भूमिहीन म्हणजे भूमिहीन, त्यात जात लिहिणं म्हणजे शेतमजुरांत फूट पाडणं. हा जातीयवाद आहे, धुळ्याहून आलेला आहे. बराच वेळ वादावादी झाली. शेवटी दोन ठराव आले. पहिला, मास्तरांना पक्षातून काढण्याचा. हात वर झाले. बाबांचाही झाला. दुसरा ठराव यादीचा, जातीचा रकाना गाळून. बाबांचं अक्षर चांगलं म्हणून इतिवृत्त तेच लिहीत. त्यांनी लिहिलं: ‘ठराव एकमताने मंजूर.’

मास्तर तिथेच बसले होते. म्हणाले, “भाऊ, एकमतानं कसा? माहं एक मत हाय ना.”

बाबा म्हणाले, “तुम्ही आता सभासद नाही, मास्तर. तुमचं मत धरता येत नाही.”

हे वाक्य मी आयुष्यभर विसरले नाही. त्यात खोटं काहीच नव्हतं. नियमाप्रमाणे सगळं बरोबर होतं. आधी वेगळं मत असणाऱ्याला बाहेर काढायचं आणि मग जे उरतात त्यांचं एकमत झालं असं लिहायचं, हीच तर पद्धत होती. मॉस्कोत १९३७ साली हीच पद्धत गोळीपर्यंत गेली. सरोजिनी नायडूंचे भाऊ वीरेंद्रनाथ चट्टोपाध्याय, युरोपात हिंदी क्रांतीसाठी आयुष्य घालवलेले, त्या वर्षी सोव्हिएत तुरुंगात मारले गेले. अवनी मुखर्जी, १९२० साली ताश्कंदला हिंदी कम्युनिस्ट पक्ष स्थापन करणाऱ्यांतले एक, तेही गेले. बुखारिनला पुढच्या वर्षी मारलं. ताश्कंदची स्थापना खरी की १९२५ च्या कानपूरची, यावर आपल्या दोन कम्युनिस्ट पक्षांचं आजही एकमत नाही. ताश्कंदच्या त्या माणसाचं काय झालं, यावर मात्र दोघांनीही फार शाई खर्च केलेली मला दिसली नाही. मास्तरांनी एकदा वीरेंद्रनाथांचं नाव काढलं तेव्हा बाबा ड्यूटी नसताना कंदील घेऊन स्टेशनावर निघून गेले.

मास्तरांना काढल्याचं पत्र नंतर आलं. अर्ध्या कागदावर सायक्लोस्टाइल केलेला मजकूर, रिकाम्या जागेत हाताने नाव. ‘जातीयवादी भूमिका व पक्षविरोधी कारवाया’. हे सगळं त्यांनी सोसलं. पण पत्राच्या सुरुवातीला ‘कॉ.’ नव्हतं, ‘श्री.’ होतं. ते बोट ठेवून दाखवत. पंधरा-वीस वर्षं ज्यांनी कॉम्रेड म्हटलं त्यांनी एका दुपारीत श्रीयुत केलं. ते पत्र त्यांनी शर्टाच्या कॉलरचे नमुने ठेवायच्या डब्यात ठेवलं आणि ते तिथेच राहिलं.

काढलेल्याशी संबंध ठेवू नये असा पक्षाचा संकेत असे. बाबांनी तो पाळला. दुकानासमोरून जाणं टाळायचे. मायने मात्र भावाच्या शाळेच्या चड्डीचं कापड काढलं आणि मला म्हणाली, जा मास्तरांकडे. बाबांनी वर पाहिलं. ती म्हणाली, “पक्षानं तुमाले सांगतलं, मले नाई सांगतलं.” तिने मार्क्स वाचला नव्हता. पण संपाच्या दिवसांतला तांदूळ कोणाचा होता हे तिला ठाऊक होतं. त्या पावसाळ्याच्या शेवटी बाबा स्वतःच दुकानात जाऊन बसले. आपलं चुकलं असं ते म्हणाले नाहीत. मास्तरांनी तसं म्हणवून घेतलं नाही. पुस्तक पुन्हा फिरू लागलं.

पुढे मला कळत गेलं की मास्तर एकटे नव्हते. काढलेल्यांचं गोत्र फार मोठं आहे. १९४१ मध्ये हिटलरने रशियावर हल्ला केला आणि कालपर्यंत साम्राज्यवादी असलेलं युद्ध आपल्या कम्युनिस्टांसाठी लोकयुद्ध झालं. ते पटलं नाही म्हणून एस. के. लिमये, यशवंत चव्हाण आणि त्यांचे साथी १९४२ मध्ये वेगळे झाले. नवजीवन संघटना म्हणून सुरू झालेली ती वाट पुढे लाल निशाण झाली आणि कित्येक दशकं महाराष्ट्रातल्या कामगार-शेतमजुरांत निष्ठेने काम करत राहिली. पी. सी. जोशी पक्षाचे सरचिटणीस होते. १९४९ मध्ये त्यांनाच बाहेर काढलं, बी. टी. रणदिव्यांची उठावाची लाइन पडल्यावर १९५१ मध्ये परत घेतलं. आणि डांगे! मुंबईच्या कामगाराला लाल बावटा ज्यांनी हातात दिला, ज्यांनी स्वतः कितीतरी जणांना बाहेरची वाट दाखवली, त्यांनाही १९८१ साली त्यांच्या पक्षाने काढलं. सनातनी आणि पाखंडी ही कायमची माणसं नसतात. आज हात वर करणारा उद्या हात मोजले जाताना बाहेर उभा असतो. रोझा लुक्झेंबुर्गने १९१८ मध्ये जर्मनीच्या तुरुंगात बसून हे ओळखलं होतं; लेनिनच्या क्रांतीचं तिने मनापासून स्वागत केलं आणि विरोधी आवाज बंद केलात तर क्रांतीचा जीव जाईल, उरेल ती फक्त नोकरशाही, असंही बजावलं. तिला १९१९ च्या जानेवारीत बर्लिनमध्ये मारलं गेलं. तिचा इशारा खरा ठरला.

वैनगंगेच्या पलीकडे वेगळं मत बाहेर काढण्याच्या या पद्धतीचं जे रूप झालं ते सांगताना हात जड होतो. १९८० मध्ये पीपल्स वॉर या नक्षलवादी गटाची दलमं गोदावरी ओलांडून आली. सुरुवातीला त्यांनी तेंदूपत्त्याच्या पुड्याला भाव वाढवून दिला, जंगलखात्याच्या शिपायाची कोंबड्या-मोहाची वसुली बंद केली; आमच्या भागातसुद्धा लोक दबक्या आवाजात चांगलं बोलत. मग ‘खबरी’ हा शब्द आला. रस्त्याकडेला प्रेत आणि प्रेतावर कागद: पोलिसांचा खबऱ्या. शेकडो माणसं अशी गेली, बहुतेक सगळी आदिवासी, ज्यांच्या नावाने हे राज्य यायचं होतं ती. आणि दुसऱ्या बाजूने पोलिसांचा संशय, मारझोड, चकमकी. मधल्या गावांनी जायचं कुठे? बाबा म्हणायचे हा मार्क्सवाद नव्हे, हे दुस्साहस आहे. मास्तर एवढंच म्हणाले, “आपल्याकडं कागद देतेत, तिकडं गोळी देतेत. ठराव तोच हाय, भाऊ.” बाबांनी त्या दिवशी त्यांना उत्तर दिलं नाही.

मी मास्तरांच्या बाजूने आहे. तरी एक गोष्ट मान्य करायला हवी, की जंगलात गेलेल्यांतही प्रश्न विचारणारे होते. नागपूरला शिकवणाऱ्या, दलित वस्त्यांत राहून काम करणाऱ्या अनुराधा गांधींनी डाव्यांनी जातीकडे आणि बाईकडे केलेल्या दुर्लक्षावर सडेतोड लिहिलं. १२ एप्रिल २००८ ला त्या मलेरियाने गेल्या. त्यांचे पती कोबाड गांधी दहा वर्षं तुरुंगात काढून सुटले आणि २०२१ मध्ये त्यांनी आठवणींचं पुस्तक लिहिलं, त्यात आपल्याच चळवळीला काही प्रश्न विचारले. त्या वर्षाच्या शेवटी माओवादी पक्षाने त्यांना काढल्याचं जाहीर केलं. अनघा लेले यांनी त्याच पुस्तकाचा मराठी अनुवाद केला, लोकवाङ्मय गृहाने तो छापला, राज्य सरकारने त्याला पुरस्कार जाहीर केला आणि २०२२ च्या डिसेंबरात तो रद्द केला. पुरस्कार होता तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींच्या नावाचा; म्हणजे कॉमिन्टर्नने बाहेर काढलेल्या मानवेंद्रनाथ रॉय यांच्या मागे उभ्या राहिलेल्या मराठी पंडिताच्या नावाचा. प्रश्न विचारले म्हणून पक्षाने शिक्षा केली आणि ते छापले म्हणून सरकारने. ही बातमी मास्तरांपर्यंत पोहोचायला हवी होती.

बाबा गेले तेव्हा तालुका कमिटी उरलेली नव्हती. जुने काही वारले होते, काही इतर पक्षांत गेले होते, काहींची मुलं ठेकेदार झाली होती. तिरडी उचलायच्या वेळी मास्तर दुकानातून चालत आले. बगलेत लाल कापड होतं, रात्री कडा शिवून आणलेलं. ते त्यांनी बाबांच्या अंगावर पसरलं, सुरकुत्या हाताने सारख्या केल्या, मूठ वर केली आणि एकट्याने म्हटलं: “कॉम्रेडला लाल सलाम.” साथ द्यायला कोणाला जमलं नाही. पक्षाने काढलेल्या माणसाने पक्षाच्या माणसाला पक्षाचा निरोप दिला. मास्तर गेले तेव्हा तेवढंही करता आलं नाही. त्या एप्रिलात दवाखान्यातून मोजकी माणसं परस्पर स्मशानात जात होती. त्यांच्यासाठी कोणी मूठ वर केली नाही आणि कोणी बुद्धवंदनाही म्हटली नाही. नंतर आम्ही घरी म्हटली.

बाबांच्या निवृत्तीनंतर दोघे एकदा धानोरा रस्त्यावरच्या मेंढा-लेखाला जाऊन आले होते. २०११ च्या उन्हाळ्यात, बांबूचा हक्क गावाच्या हाती आला त्यानंतर. मोहन हिराबाई हिरालाल आणि देवाजी तोफा यांच्यामुळे हे गाव आता सर्वांना माहीत आहे. सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर २००९ मध्ये सामूहिक हक्क मिळवणारं देशातलं अगदी पहिल्या गावांपैकी एक. बाबांना त्यात उत्पादनाच्या साधनांची मालकी दिसत होती, म्हणून ते गेले. तिथे त्यांना समजलं की ग्रामसभा हात मोजतच नाही. निर्णय बहुमताने नव्हे, सर्वसहमतीने. एकाला जरी पटलं नाही तरी निर्णय थांबतो, विषय अभ्यासगटात जातो, पुन्हा सभेत येतो. बाबांनी तिथल्या एका माणसाला विचारलं, एकट्याने मुद्दाम अडवलं तर? तो म्हणाला, मग त्याला काय दिसतं जे आम्हांला दिसत नाही, ते पाहावं लागतं. परतीच्या बसमध्ये दोघेही बोलले नाहीत, असं मास्तर सांगायचे. पुढे २०१३ मध्ये त्या गावाने शेतजमिनीही ग्रामसभेच्या नावे करायचं ठरवून ग्रामदान केलं. ज्या सामूहिक मालकीसाठी रशियात कोट्यवधी शेतकऱ्यांवर बळजबरी झाली, तिच्या जवळपास ही माणसं विरोधी मताला मान देऊन पोहोचली. गांधी-विनोबांच्या वाटेने आलेल्या या विचाराला आमच्या ओसरीत एके काळी बुर्झ्वा म्हणत. मोहनभाऊ २३ जानेवारी २०२५ ला गेले. त्याच वर्षी ऑक्टोबरात भूपती बाहेर आला.

वेगळेपणाला असाच मान आमच्याकडच्या एका शेतकऱ्यानेही दिला होता. नागभीड तालुक्यातल्याच नांदेडच्या दादाजी खोब्रागडे यांना १९८३ च्या सुमारास आपल्या धानात काही वेगळ्या लोंब्या दिसल्या. भेसळ म्हणून उपटून टाकायच्या, हीच रीत. दादाजींनी त्या बाजूला ठेवल्या, वर्षामागून वर्ष लावून पाहिल्या, आणि त्यातून एचएमटी तांदूळ निघाला, जो आज देशभर खाल्ला जातो. दादाजी २०१८ मध्ये गेले, हयातीत त्या तांदळाचा पैसा त्यांना मिळाला नाही. पक्षांनी आपल्या शेतातल्या वेगळ्या लोंब्यांचं काय केलं, हे मी वर लिहिलंच आहे. त्या लोंब्यांत काय होतं हे आता कधीच कळणार नाही, आणि माझ्या मते डाव्या चळवळीचं आपल्या भागात जे नुकसान झालं त्यातलं निम्मं तरी बाहेरच्या शत्रूने केलेलं नाही.

कमिटीची इतिवृत्ताची वही माझ्याकडे आहे. दुसऱ्या ठरावाखाली ‘एकमताने मंजूर’ असं बाबांच्या सुंदर अक्षरात आहे आणि मी त्यात खाडाखोड करणार नाही. पण मास्तरांच्या मुलाकडून मी ती यादी मिळवली, जातीच्या रकान्याची. मास्तरांनी मूळ प्रत ठेवली होती. ती आता वहीच्या त्याच पानात लावली आहे.

वाचणाऱ्यांना एक विनंती आहे. प्रत्येक तालुक्यात अशा कमिट्या होत्या: ब्रह्मपुरीत, सिंदेवाहीत, आरमोरीत, वडशाला, कुठल्या ना कुठल्या लाल झेंड्याच्या. त्यांच्या वह्या, पत्रकं, पावत्या आज कोणाच्या तरी माळ्यावर आहेत आणि पुढच्या दिवाळीत रद्दीत जाणार आहेत. त्या देऊ नका. ज्यांना काढलं होतं त्यांच्यातलं कोणी अजून हयात असेल तर आधी त्यांच्याकडे जा, आणि त्यांचं म्हणणं काय होतं ते त्यांच्याच शब्दांत लिहून घ्या.